माल्कमचा शब्द आणि कंपनीचा कागद

प्रश्न असा आलाय: "सर, जॉन माल्कम हा मुळात कंपनीच्या फौजेतला माणूस, मग तो मुत्सद्दी कसा काय झाला? आणि दुसऱ्या बाजीरावाला त्याने वर्षाला आठ लाख कबूल केले, तो उदारपणा होता की फसवणूक?"

दोन्ही प्रश्नांचं उत्तर एकच आहे असं मला वाटतं, म्हणून जरा सविस्तर लिहितो. गेली पंचवीसेक वर्षं मी मोडी आणि कंपनीच्या काळातले इंग्रजी कागद वाचतोय, त्यात माल्कमची गाठ सारखी पडते. मराठ्यांच्या शेवटच्या पंधरा वर्षांत बऱ्याच तहांच्या वेळी हा माणूस तंबूत बसलेला असतो. आपल्याकडे त्याचं नाव फक्त महाबळेश्वरच्या माल्कम पेठेपुरतं उरलंय हे काही बरोबर नाही.

आधी तो कुठून आला ते बघा. २ मे १७६९ चा जन्म, स्कॉटलंडच्या दक्षिणेला लँगहोम गावाजवळ बर्नफूट नावाचं शेत, बाप जॉर्ज माल्कम कुळाने शेती करणारा, त्यात कर्जात बुडालेला, आणि घरात सतरा पोरं. एवढ्या पोरांचं करायचं काय, तर जो जिथे चिकटेल तिथे चिकटवायचा. जॉनला ईस्ट इंडिया कंपनीच्या डायरेक्टरांपुढे उभं केलं तेव्हा तो अजून तेरा वर्षांचासुद्धा झालेला नव्हता. त्यांनी विचारलं, काय रे, हैदर अली समोर आला तर काय करशील? पोरगा म्हणाला, तलवार उपसून डोकं उडवीन. झालं, घेतला. १७८३ मध्ये तो मद्रासला उतरला. शाळा म्हणाल तर गावातली, तीसुद्धा अर्धवट.

पहिल्या काही वर्षांत त्याच्यात मुत्सद्दी वगैरे काही दिसत नाही. 'बॉय माल्कम' म्हणायचे त्याला. टिपूशी तह झाल्यावर सुटलेल्या इंग्रज कैद्यांना घ्यायला एक तुकडी पाठवली होती, समोरून येणाऱ्या अधिकाऱ्याने विचारलं तुमचा कमांडर कुठाय, तर हे लालबुंद गालाचं पोर म्हणालं, मीच. पुढे बरीच वर्षं पैसे उडवणं, कर्ज करणं, दंगामस्ती हेच चाललं होतं. अंगाने धिप्पाड, सहा फुटांच्या वर उंची, शिकारीचा नाद आणि बोलायला लागला की थांबायचा नाही.

वळण आलं ते १७९० ते ९२ च्या म्हैसूरच्या लढाईत. त्या लढाईत निजाम इंग्रजांच्या बाजूने होता आणि माल्कमची पलटण निजामाच्या फौजेबरोबर होती. तिथे त्याने हैदराबादचे रेसिडेंट, म्हणजे निजामाच्या दरबारातले कंपनीचे वकील, आणि त्यांचे मदतनीस जवळून बघितले. या लोकांकडे ना तोफा ना पलटण, पण दरबारात बसून बोलणी करतात आणि त्यांच्या एका खलित्याने दहा हजारांची फौज इकडची तिकडे होते. ते बघून याने ठरवलं की आपल्याला हे करायचंय, आणि त्यासाठी फारसी शिकायला बसला. हे मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं. त्या काळात हैदराबाद असो, ग्वाल्हेर असो, दिल्ली असो, राज्याराज्यांमधला पत्रव्यवहार फारसीतच चालायचा. ज्याला फारसी येत नाही तो मुनशी सांगेल तेवढंच ऐकणार. १७९२ मध्ये कॉर्नवॉलिसने त्याला निजामाच्या फौजेबरोबरच्या तुकडीचा फारसी दुभाषी नेमलं. तुमच्या प्रश्नाच्या पहिल्या अर्ध्या भागाचं सरळ उत्तर हे, तो भाषेमुळे मुत्सद्दी झाला.

पण भाषेच्या जोडीला अजून एक गोष्ट होती. १७९८ मध्ये तो हैदराबादला असिस्टंट रेसिडेंट झाला आणि निजामाच्या पदरची फ्रेंच अधिकाऱ्यांची फौज मोडायचं काम आलं. शिपायांचे पगार थकलेले, ते बिथरलेले, आणि माल्कम त्यांच्या छावणीत गेला तर त्यांनी त्यालाच घेरलं. तेव्हा त्याला वाचवलं कुणी, तर त्याच गर्दीतल्या काही शिपायांनी, जे पूर्वी त्याच्या हाताखालच्या पलटणीत होते आणि तिथून पळून इकडे नोकरीला लागले होते. त्यांनी त्याला ओळखलं आणि डोक्यावरून उचलून बाहेर काढला. साहेब आपल्याशी नीट वागला होता एवढं त्यांच्या लक्षात होतं. माल्कमची सगळी मुत्सद्देगिरी पुढे याच पायावर उभी राहिली, माणूस ओळखायचा, त्याच्याशी मोकळेपणाने बोलायचं, त्याला शब्द द्यायचा. आणि सगळे घोळही इथूनच झाले, ते पुढे येतंच.

इराणचं थोडक्यात सांगतो कारण तो स्वतंत्र मोठा विषय आहे. काबूलचा जमानशाह पंजाबवर येतोय आणि फ्रेंच पूर्वेकडे सरकतायत अशी भीती होती, म्हणून गव्हर्नर जनरल वेलस्लीने माल्कमला इराणच्या शहाकडे पाठवलं. १७९९ च्या डिसेंबरअखेर तो मुंबईहून जहाजाने निघाला, बुशहर, शिराझ, इस्फहान करत वर्षभराने तेहरानला फत्तेअली शहापुढे पोचला. वाटेत प्रत्येक ठिकाणी कोण आधी उभं राहणार, कोण कुठे बसणार यावरून भांडण, आणि हा एक इंच मागे हटायला तयार नाही, भेटवस्तूंवर मात्र पाण्यासारखा पैसा. जानेवारी १८०१ मध्ये तह झाला. पण पुढे रशियाने इराणवर हल्ला केला तेव्हा इंग्रज मदतीला आले नाहीत, मग शहा नेपोलियनकडे वळला. १८०८ मध्ये माल्कम परत गेला तर त्याला बुशहरच्या पुढेच जाऊ दिलं नाही, कारण तेहरानला फ्रेंच वकील बसलेला होता. १८१० मध्ये तिसऱ्यांदा गेला तोपर्यंत लंडनहून आलेल्या हारफर्ड जोन्सने तह करून टाकला होता. म्हणजे राजकारणाच्या हिशोबाने हाती फार काही नाही. राहिलं काय तर १८१५ मध्ये छापलेला त्याचा इराणचा दोन खंडांचा इतिहास, आणि बटाटा. इराणात बटाटा माल्कमने नेला असं सांगतात आणि तिकडे कितीतरी वर्षं बटाट्याला 'माल्कमचा आलू' म्हणायचे, आलू म्हणजे त्यांच्या भाषेत आलुबुखार.

आता आपल्या घरच्या विषयाकडे येतो.

१८०३ मध्ये वसईच्या तहानंतर आर्थर वेलस्ली, म्हणजे पुढचा वेलिंग्टन, फौज घेऊन पुण्याला आला आणि बाजीरावाला परत गादीवर बसवलं तेव्हा माल्कम त्याच्या बरोबर होता. बाजीरावाची आणि त्याची ओळख तिथली. पुढे असईची लढाई झाली २३ सप्टेंबरला, त्यात मात्र तो नव्हता, आजारी पडून मुंबईला गेला होता, आणि ही रुखरुख त्याला कायम राहिली. डिसेंबरात तो वऱ्हाडात वेलस्लीच्या छावणीत परत आला तेव्हा शिंद्यांशी बोलणी सुरू होत होती. अमरावती जिल्ह्यातलं अंजनगाव सुर्जी, तिथे ३० डिसेंबर १८०३ ला तह झाला.

या बोलण्यांत शिंद्यांच्या बाजूने विठ्ठलपंत होते. म्हातारे गृहस्थ, पण चेहऱ्यावरची रेष हलायची नाही. कितीही कडक मागणी ठेवा, कितीही मोठी सवलत द्या, चेहरा तोच. माल्कम म्हणाला या माणसाबरोबर 'ब्रॅग' खेळायला मजा येईल, ब्रॅग म्हणजे आपल्या तीन पत्तीसारखा विलायती पत्त्यांचा खेळ, ज्यात चेहरा लपवता आला पाहिजे. तेव्हापासून इंग्रजांच्या छावणीत विठ्ठलपंतांचं नाव 'ओल्ड ब्रॅग' पडलं. बारा वर्षांनी, वॉटर्लूनंतर, माल्कम पॅरिसला वेलिंग्टनला भेटला आणि विचारलं, हा टॅलिरँड कसा काय माणूस आहे? टॅलिरँड म्हणजे त्या काळातला युरोपातला सगळ्यात पोचलेला मुत्सद्दी. वेलिंग्टन म्हणाला, बराचसा आपल्या ओल्ड ब्रॅगसारखा, पण तेवढा हुशार नाही! विठ्ठलपंतांबद्दल आपल्या पाठ्यपुस्तकात एक ओळ नाही याचं मला खरंच वाईट वाटतं. माल्कम फारसी पुस्तकातून शिकला असेल, पण समोरच्याच्या मनात काय आहे ते काढून घेणं आणि आपलं कळू न देणं हे तो अशा लोकांसमोर बसून शिकला.

तह झाला आणि लगेच वाद उभा राहिला, ग्वाल्हेरचा किल्ला कुणाचा? तहाच्या शब्दांतून दोन्ही अर्थ निघत होते. कलकत्त्याला बसलेला गव्हर्नर जनरल वेलस्ली, आर्थरचाच मोठा भाऊ, म्हणत होता की तो शिंद्यांकडून गेला. माल्कम शिंद्यांच्या दरबारात होता, त्याला माहिती होतं की तह करताना समोरच्यांची समजूत काय होती, आणि त्याने तसं स्पष्ट लिहिलं की शिंद्यांचा दावा खोटा नाही. आर्थर वेलस्लीचंही मत तेच, त्याने माल्कमला लिहिलेल्या पत्राचा मतलब असा होता की आपला शब्द खरा आहे ही पत राखायला मी ग्वाल्हेर दहा वेळा सोडून देईन. पण मोठा भाऊ माल्कमवर भयंकर चिडला, तुझं काम माझे हुकूम पाळायचं आहे, शिंद्यांची बाजू मांडायचं नाही, असा सूर. माल्कम मनातून खचला होता. आणि पुढे काय झालं, तर वेलस्ली परत गेला, धोरण बदललं, आणि २२ नोव्हेंबर १८०५ ला नवा तह करून ग्वाल्हेर शिंद्यांना परत दिलं, तो तह करणारा इंग्रजांच्या बाजूने कोण? माल्कमच. त्यानंतर महिनाभरात पंजाबात बियासच्या काठी यशवंतराव होळकरांशी तह झाला, तिथेही हाच.

ही ग्वाल्हेरची गोष्ट नीट ध्यानात ठेवा, कारण बाजीरावाच्या वेळी तेच परत घडलं, फक्त शेवट वेगळा झाला.

१८१७ ला येऊ. मधली पाच वर्षं इंग्लंडात काढून, 'सर' होऊन, माल्कम परत आला होता, आता ब्रिगेडियर जनरल आणि वर गव्हर्नर जनरलचा दख्खनमधला राजकीय एजंट, म्हणजे तलवार आणि लेखणी दोन्ही एकाच हातात. ऑगस्ट १८१७ मध्ये तो बाजीरावाला साताऱ्याजवळ माहुलीला भेटला. बाजीरावाने जुन्या ओळखीच्या गोष्टी काढल्या, आपण इंग्रजांचे किती मित्र आहोत ते सांगितलं, आणि माल्कमचा विश्वास बसला. तो उलट म्हणाला, पेंढाऱ्यांविरुद्ध मदत करायला फौज जमवा! पुण्याचा रेसिडेंट एल्फिन्स्टन रोज बाजीरावाच्या कारभाराच्या बातम्या काढत होता, त्याला हे अजिबात पटलेलं नव्हतं. ५ नोव्हेंबरला खडकीला लढाई झाली, ती त्याच जमवलेल्या फौजेनिशी. म्हणजे माल्कमने बाजीरावाला फसवलं का हे विचारताना आधी हे बघायला लागतं की त्या ऑगस्टमध्ये बाजीरावाने माल्कमला कसं गुंडाळलं होतं.

त्या डिसेंबरात माल्कम माळव्यात होळकरांसमोर होता. आधी बोलणी, होळकरांचा कारभार बघणाऱ्या तुळसाबाईला तह हवा होता असं दिसतं, पण फौजेतल्या सरदारांना नको होता. त्यांनी २० डिसेंबरच्या रात्री तुळसाबाईला क्षिप्रेच्या काठी नेऊन तिचं डोकं उडवलं. दुसऱ्या दिवशी महिदपूरला लढाई. सेनापती हिस्लॉप, पण नदी ओलांडून सरळ तोफांवर चालून जायची कामगिरी माल्कमची. होळकरांचे गोलंदाज शेवटपर्यंत तोफा सोडून हलले नाहीत, इंग्रजांकडचे १७४ मेले आणि ६०४ जखमी झाले, हिंदुस्थानातल्या त्यांच्या मोहिमांच्या मानाने हा आकडा मोठा आहे. असईला नव्हतो ही त्याची रुखरुख त्या दिवशी मिटली असेल, पण त्यासाठी नदीच्या उतारावर किती माणसं पडली हे विसरून चालत नाही. सोळा दिवसांनी, ६ जानेवारी १८१८ ला, मंदसोरचा तह. होळकरांकडून तात्या जोग. या तहाने सातपुड्याच्या दक्षिणेचा होळकरांचा मुलूख, म्हणजे आपला खानदेशातला भाग, कंपनीकडे गेला. खानदेशातल्या वाचकांनी हे बघावं, तुमच्याकडचा इंग्रजी अंमल इथून सुरू होतो.

आता बाजीराव. कोरेगाव, आष्टी, शिवनी, सगळीकडून हटत हटत मे १८१८ मध्ये तो अशीरगडाजवळ धूळकोटला पोचला. चारी बाजूंनी फौजा. बरोबर अजून सातआठ हजार माणूस होतं, त्यात बाराशेच्या आसपास अरब. त्याने वकील पाठवला तो एल्फिन्स्टनकडे नाही, माल्कमकडे, महूला. १ जूनला संध्याकाळी खेरीच्या घाटाखाली दोघं भेटले. माल्कम थोडी माणसं घेऊन गेला. बाजीरावाने त्याला बाजूच्या छोट्या तंबूत नेलं आणि म्हणाला, माझे तीन मित्र होते, क्लोज (पुण्याचे आधीचे रेसिडेंट), वेलस्ली आणि तुम्ही. क्लोज गेले, वेलस्ली सातासमुद्रापलीकडे, उरलात तुम्ही एकटे.

हे वाचताना मी दर वेळी थांबतो. बाजीराव त्रेचाळीस वर्षांचा, माल्कम एकोणपन्नासचा, पंधरा वर्षांची ओळख, आणि दोघांनाही पक्कं माहिती की आता पेशवाई संपणार आहे. माल्कमने गोड बोलून वेळ काढला नाही. सांगितलं की राज्य परत मिळायची आशा सोडा, पुण्यात राहता येणार नाही, धीर धरा आणि आत्ताच ठरवा. त्याच रात्री अटी लिहून पाठवल्या आणि चोवीस तासांची मुदत दिली. दुसऱ्या दिवशी बाजीरावाचा वकील आला, म्हणाला आजचा दिवस चांगला नाही. माल्कमने उत्तर दिलं की श्रीमंत आले नाहीत तर त्यांच्यासाठी तो खरोखरच वाईट ठरेल. ३ जूनला सकाळी बाजीराव माल्कमच्या छावणीत आला.

पण अजून अरब बाकी होते. बाजीराव आपली फौज माल्कमपासून थोडी लांब ठेवून चालत होता, माल्कम सांगत होता की यांना लवकर निरोप द्या, हा ऐकत नव्हता. ९ जूनला अरबांनी थकलेल्या पगारासाठी त्याच्याच डेऱ्याला गराडा घातला आणि रात्रभर सोडलं नाही. सकाळी माल्कम पलटण आणि तोफा घेऊन आला. अरबांकडून गोळ्या सुटल्या, त्याचे शिपाई जखमी झाले, आणि तरी त्याने उलट गोळी झाडू दिली नाही, कारण एक बार उडाला असता तर आत बाजीरावाचा जीव गेला असता. अरबांचा जमादार बोलायला आला, पगाराचं मिटवलं, अरब निघून गेले. माल्कमची सगळी कारकीर्द या एका सकाळी दिसते असं मला वाटतं. तोफा आणल्या, पण गोळी झाडू न देणं त्याला जास्त जमायचं.

आता आठ लाखांचं. अटींच्या कागदात पेन्शनचं जे कलम आहे ते नीट वाचायला हवं. मजकूर इंग्रजीत असा आहे की बाजीरावाला त्याच्या स्वतःच्या आणि कुटुंबाच्या निर्वाहासाठी कंपनीकडून चांगलं पेन्शन मिळेल, रक्कम गव्हर्नर जनरल ठरवतील, पण ती वर्षाला आठ लाखांपेक्षा कमी असणार नाही याची हमी ब्रिगेडियर जनरल माल्कम स्वतःच्या अंगावर घेतो.

'स्वतःच्या अंगावर' हे शब्द बघा. वरून असा हुकूम नव्हता. गव्हर्नर जनरल हेस्टिंग्जचं मत होतं की बाजीराव तसाही संपलाच होता, बिनशर्त हाती आला असता, एवढी रक्कम कबूल करायची गरजच नव्हती. माल्कमचं म्हणणं असं, की अशीरगडात शिरला असता तर वेढा पडला असता, पावसाळा डोक्यावर, दख्खनमध्ये परत धुगधुगी आली असती, आणि त्या लढाईच्या खर्चापुढे आठ लाख काहीच नाहीत. हिशोबाने तो बरोबर होता असं माझं मत आहे. एकटा अशीरगड घ्यायला दुसऱ्या वर्षी, एप्रिल १८१९ मध्ये, त्याला आणि जनरल डव्हटनला केवढी फौज आणि तोफा लावाव्या लागल्या ते बघा. कुरकुर करत का होईना हेस्टिंग्जने करार मान्य केला.

म्हणून उदारपणा की फसवणूक, तर दोन्ही नाही. माल्कमने विकत घेतली ती शांतता, आणि किंमत म्हणून आपला शब्द पुढे केला, जो कंपनीच्या वतीने किती लांबपर्यंत चालेल हे त्याच्या हातात नव्हतं. मला त्याच्यावर ठपका ठेवायचाच झाला तर इथे ठेवीन. ग्वाल्हेरच्या वेळी त्याने स्वतः भोगलं होतं की तहातला एक ढिला शब्द काय करतो, आणि तरी इथे 'कुटुंबाच्या' असं लिहून त्याने पेन्शन हयातीपुरतं की वंशपरंपरेने ते उघड लिहिलं नाही.

बाजीराव कानपूरजवळ बिठूरला गेला आणि जगला. २८ जानेवारी १८५१ ला वारला, म्हणजे साडेबत्तीस वर्षांच्या वर पेन्शन खाल्लं, गुणाकार केला तर अडीच कोटींच्या पुढे जातं. १८१८ मध्ये कुणाला वाटलं नव्हतं की तो इतका जगेल. त्याच्यामागे दत्तक मुलगा धोंडोपंत, म्हणजे नानासाहेब. डलहौसी म्हणाला, पेन्शन संपलं. नानासाहेबांनी डिसेंबर १८५२ मध्ये लंडनला डायरेक्टरांकडे अर्ज केला आणि त्यात मुख्य मुद्दा हाच धरला की करारात 'स्वतःच्या आणि कुटुंबाच्या' असं लिहिलंय, पेन्शन एकट्या बाजीरावाचं असतं तर कुटुंब हा शब्द घातला कशाला? वाचायला मिळाला तर जरूर वाचा, फार तगडा अर्ज आहे. फेटाळला गेला. नानासाहेबांचा वकील अजीमुल्लाखान लंडनला जाऊन आला, काही उपयोग झाला नाही. १८५७ ला कानपूरला काय झालं ते सगळ्यांना माहिती आहे. सगळं त्या एका शब्दामुळे झालं असं मी म्हणणार नाही, पण नानासाहेबांच्या बाजूने बघाल तर तक्रारीचं मूळ तिथे आहे.

तेव्हा माल्कम असता तर काय म्हणाला असता? तो १८३३ मध्येच गेला होता. मधल्या काळात त्याला मुंबईचा गव्हर्नर व्हायचं होतं, १८१९ मध्ये ती जागा दहा वर्षांनी लहान एल्फिन्स्टनला मिळाली आणि याच्या ते फार मनाला लागलं. माळव्याचा बंदोबस्त करून, त्या प्रांतावर मोठा ग्रंथ लिहून तो परत गेला, आणि शेवटी १ नोव्हेंबर १८२७ ला मुंबईचा गव्हर्नर झाला. या तीन वर्षांबद्दल लोक जास्त विचारतात म्हणून थोडं. महाबळेश्वरची जागा साताऱ्याच्या प्रतापसिंह महाराजांकडून १८२९ मध्ये बदल्यात घेतली, त्यांना वाईकडचं खंडाळा दिलं, आणि पेठ वसली तिला माल्कमचं नाव पडलं. बोरघाटातून गाडी जाईल असा रस्ता नोव्हेंबर १८३० मध्ये त्याने खुला केला, त्याआधी मुंबई-पुणे मालवाहतूक बैलांच्या पाठीवर. 'ह्यू लिंडसे' ही आगबोट मार्च १८३० मध्ये मुंबईहून सुएझला निघाली ती त्याच्याच आग्रहाने. पुण्याच्या मोरो रघुनाथ नावाच्या अल्पवयीन मुलाच्या ताब्यावरून मुंबईच्या सुप्रीम कोर्टाशी इतकं वाजलं की न्यायाधीश ग्रँटने कोर्टच बंद केलं. वरच्या प्रिव्ही कौन्सिलने निकाल सरकारच्या बाजूने दिला. या भांडणात माल्कमचं म्हणणं होतं की दख्खनच्या सरदारांना आम्ही मानमरातब राखायचं वचन दिलंय, तिथे कोर्टाचा कारकून समन्स घेऊन कसा जाईल? म्हणजे परत तेच, दिलेला शब्द.

३० मे १८३३ ला लंडनमध्ये अर्धांगवायूच्या झटक्यानंतर तो गेला. त्याचा संगमरवरी पुतळा मुंबईच्या टाऊन हॉलमध्ये, म्हणजे एशियाटिकच्या इमारतीत आहे, चँट्रीने घडवलेला, आणि तिकडे लँगहोमच्या डोंगरावर शंभर फुटी दगडी स्तंभ.

शेवटी एक स्वतःच्या कामातलं सांगतो. काही वर्षांपूर्वी कोकणातल्या एका घरातून मोडी कागदांचा रुमाल, म्हणजे कापडात बांधलेला गठ्ठा, माझ्याकडे वाचायला आला होता. बहुतेक सगळं नेहमीचं, खोतीचे हिशोब, कर्जरोखे. त्यात तीन बंद, म्हणजे पत्रांचे कागद, बिठूरहून आलेले निघाले. या घरातला एक माणूस श्रीमंतांच्या बरोबर तिकडे गेला आणि तिकडेच राहिला होता. पातळ हातकागद, बोरूची शाई तपकिरी झालेली, अक्षर लपेटी, पण सराईत. पहिल्या दोन पत्रांत घरची खुशाली, मुंजीला येता येत नाही वगैरे. तिसरं श्रीमंत वारल्यानंतरचं. त्यात तो भावाला विचारतोय की पुण्यात कुणी जाणतं असेल तर चौकशी करा, तैनात, म्हणजे पेन्शन, पुढे चालेल की नाही इथे कुणालाच नक्की माहिती नाही, आणि नाही चालली तर आम्ही इतकी माणसं जायचं कुठे. खाली त्याने आपल्यावर अवलंबून असलेली माणसं नावानिशी लिहिली होती, बायको, दोन विधवा बहिणी, पुतण्या, म्हातारा आचारी.

त्या घरातल्या आजींना मी ते पत्र वाचून दाखवलं तेव्हा त्यांनी विचारलं, मग काय झालं यांचं? पुढचा बंद रुमालात नव्हता. मी परत दोनदा सगळं उलगडून बघितलं.